इमाम दूर: एका घुमटाचा अर्थ लावताना

आज आपण अशा दर्ग्याबद्दल बोलतोय, जो आता फक्त छायाचित्रांत आणि आराखड्यांत उरलाय. इराकमध्ये समाराच्या उत्तरेला, तिग्रिसकाठच्या अद-दूर गावातला इमाम दूर. अकराव्या शतकाच्या अखेरचं हे काम, उकैली अमीर शरफुद्दौला मुस्लिम याच्या नावाशी जोडलेलं. ऑक्टोबर २०१४मध्ये ‘इस्लामिक स्टेट’ने ते स्फोटकांनी उडवलं.

रचना बघा. खाली विटांची चौरस खोली, भिंती वर निमुळत्या होत गेलेल्या. त्यावर कोनाड्यांचे थर, प्रत्येक थर खालच्यापेक्षा लहान. यालाच मुकर्नस म्हणतात. टिकून राहिलेल्या अशा घुमटांत हा सर्वांत जुना मानला जाई.

यासर तब्बा हे अभ्यासक मुकर्नस घुमटाचा संबंध सुन्नी अशअरी विचारातल्या अणुवादाशी जोडतात: विश्व म्हणजे सुटे कण, ईश्वर ते क्षणोक्षणी जुळवतो. कल्पना मोहक आहे खरी. पण आमच्या मते ती इथेच अडते. उकैली घराणं होतं शिया! म्हणजे घुमटाचा आकार कुठल्या एका पंथाच्या नावावर चढवता येत नाही.

स्फोटात विटा तर गेल्याच; हा वाद जागेवर जाऊन तपासायची सोयही गेली.