साक्ष आणि सत्य

गुन्ह्याची कथा सांगणे सोपे असते. ती न्यायबुद्धीने सांगणे कठीण. एरल मॉरिस या अमेरिकन दिग्दर्शकाचा 'द थिन ब्लू लाइन' (१९८८) हा माहितीपट पाहताना या भेदाचा प्रत्यय येतो.

घटना टेक्सासमधील डॅलस शहरातली. नोव्हेंबर १९७६ मध्ये एका रात्री, रस्त्यावर मोटार थांबवणाऱ्या पोलिसाची आतून गोळ्या झाडून हत्या झाली. मोटार चोरीची होती आणि ती चोरली होती सोळा वर्षांच्या डेव्हिड हॅरिसने. त्याने बोट दाखवले ते आदल्याच दिवशी वाटेत भेटलेल्या रँडल अ‍ॅडम्सकडे. १९७७ मध्ये अ‍ॅडम्सला देहदंड सुनावण्यात आला. पुढे त्याचे रूपांतर जन्मठेपेत झाले. कपाळावरचा खुनी हा शिक्का मात्र पुसला गेला नाही.

मॉरिस टेक्सासला गेले होते ते वेगळ्याच हेतूने. आरोपी पुन्हा खून करील, अशी ग्वाही न्यायालयात वारंवार देणाऱ्या एका मनोविकारतज्ज्ञावर त्यांना चित्रपट काढायचा होता. त्या शोधात त्यांना तुरुंगात अ‍ॅडम्स भेटला आणि चित्रपटाचा विषयच पालटला.

या चित्रपटात निवेदक नाही. पोलीस, वकील, साक्षीदार आपापली बाजू थेट मांडतात. हत्येचा प्रसंग अभिनयाने पुन्हा उभा केला आहे, तोही एकदा नव्हे, अनेकदा. आणि दर वेळी साक्षीनुसार तो बदलतो. मोटारीत एकजण होता की दोघे? सोबतची पोलीस महिला आत बसली होती की बाहेर उतरली होती? काय घडले हे मॉरिस दाखवीत नाहीत. काय घडल्याचे सांगितले गेले, ते दाखवतात. या पद्धतीचे मर्म इथेच आहे. नाट्यीकरणाने सहसा खात्री पटवली जाते. इथे ते शंका जागवते. अखेरीस पडद्यावर केवळ एक ध्वनिमुद्रण यंत्र दिसते आणि त्यातून हॅरिसचा शांत स्वर अ‍ॅडम्स निर्दोष असल्याचे सांगतो.

तरीही एक खंत उरते. फिलिप ग्लास यांच्या संगीताच्या लयीत तो पोलीस पुनःपुन्हा कोसळतो, परंतु तो माणूस कोण होता, हे आपल्याला जवळजवळ कळत नाही. निरपराध्याला न्याय मिळवून देताना मृत व्यक्ती केवळ एक दृश्य होऊन राहिली.

१९८९ मध्ये अ‍ॅडम्सची सुटका झाली. आपल्या जीवनकथेच्या हक्कांवरून पुढे त्याचा मॉरिस यांच्याशीच वाद झाला, तो आपसात मिटला. हॅरिसवर या हत्येचा खटला कधीच चालला नाही. दुसऱ्या एका खुनासाठी २००४ मध्ये त्याला मृत्युदंड देण्यात आला.

दुसऱ्याच्या दुःखाची कथा सांगणाऱ्याने किती जबाबदारीने वागावे, याचा धडा या चित्रपटाच्या यशातून मिळतो, तसाच त्याच्या उणिवेतूनही. गुन्हेकथांचा आज सुकाळ आहे. त्या पाहताना आपण सत्य शोधतो की केवळ थरार, हे प्रत्येक प्रेक्षकाने स्वतःला विचारावे.