चुकीच्या न्यायालयात गेलेला वेळ : कलम 14 वरील निकालांचे टीकात्मक वाचन

चेन्नईत पॅरीज कॉर्नरजवळ मद्रास उच्च न्यायालयाचे आवार आहे आणि सिटी सिव्हिल कोर्टही त्याच आवारात भरते. दाव्याचे मूल्य ठरावीक मर्यादेत असेल तर सिटी सिव्हिल कोर्ट, त्याच्या वर उच्च न्यायालयाची मूळ शाखा. दोन्ही न्यायालयांमधले अंतर चालत जाण्याइतकेच. पण मूल्यांकन चुकले, प्रकरण दोन वर्षे चालले आणि मग अधिकारिता नाही म्हणून वादपत्र परत आले, तर दरम्यान मुदत संपून गेलेली असू शकते.

मुदतीचा कायदा, 1963 याचे कलम 14 अशा वादीसाठी आहे. पहिला दावा दाखल करताना मुदतीचे दोन महिने उरले होते असे समजा. वादपत्र परत आल्यावरही ते दोन महिनेच हाती राहतात, नवी तीन वर्षे मिळत नाहीत. दाखल केल्याचा आणि प्रकरण संपल्याचा, असे दोन्ही दिवस वजावटीत धरतात. परीक्षेत इथेच गुण जातात. हे कलम दावे आणि अर्ज यांच्यासाठी आहे हेही ध्यानात ठेवा. अपील उशिरा आले तर वाट कलम 5 ची, म्हणजे 'पुरेसे कारण' दाखवण्याची. त्या शब्दांचा उदार अर्थ लावण्याची परंपरा मद्रास उच्च न्यायालयाच्याच कृष्णा विरुद्ध चातप्पन या जुन्या निकालापर्यंत मागे जाते.

हा फरक लवाद प्रकरणांत जिव्हारी लागतो. लवादाचा निवाडा रद्द करून घ्यायला तीन महिने, फार तर आणखी तीस दिवस. त्यापुढे कलम 5 चालत नाही, असे पॉप्युलर कन्स्ट्रक्शन (2001) मध्ये ठरले. मग कलम 14 तरी चालते का? गोवा राज्य विरुद्ध वेस्टर्न बिल्डर्स (2006) ने होय म्हटले. निष्कर्ष पटतो, पण 1996 च्या लवाद कायद्याने कलम 14 स्पष्टपणे वगळलेले नाही, या मौनावर त्याचा फार भार आहे. कन्सॉलिडेटेड इंजिनिअरिंग (2008) मधले विवेचन मला अधिक भक्कम वाटते : कलम 5 मुदतीनंतरचा विलंब माफ करते आणि तो न्यायालयाच्या विवेकाचा भाग आहे, कलम 14 मुदत वाढवत नाही, मोजणीतून काळ वगळते, आणि अटी पुऱ्या झाल्या तर ते बंधनकारक आहे.

माझा आक्षेप या 'बंधनकारक' शब्दाला आहे. अटी कोणत्या? योग्य तत्परता आणि सद्भावना. शिवाय याच कायद्याच्या कलम 2 मधली व्याख्या सांगते की, योग्य काळजी व लक्ष न देता केलेली गोष्ट सद्भावनेने केली असे धरायचे नाही. म्हणजे मन साफ असून भागत नाही, काळजीही दिसली पाहिजे. आणि ती पुरेशी होती की नाही हे शेवटी न्यायाधीशच ठरवणार. पुढच्या दाराने घालवलेला विवेकाधिकार मागच्या दाराने आत येतो.

मुंबईशी जोडलेली दोन प्रकरणे शेजारी ठेवून वाचा. केतन पारेख (2011) मध्ये अपील मुंबई उच्च न्यायालयात व्हायला हवे होते, पक्षकार आधी रिट घेऊन दिल्लीला गेले. वजावट नाकारली गेली. कल्पराज धरमशी (2021) मध्ये अपिलाचा मार्ग असताना पक्षकार रिट घेऊन मुंबई उच्च न्यायालयात गेला; कलम 14 च्या तत्त्वाचा लाभ मिळाला. वकिलांचे पाठबळ दोन्हीकडे होते. मग एकाची चूक निष्काळजी आणि दुसऱ्याची प्रामाणिक का? त्याचे थोडे उत्तर कागदपत्रांत सापडते. पारेख प्रकरणात विलंबमाफीच्या अर्जात आपण सद्भावनेने व तत्परतेने चुकीच्या ठिकाणी दाद मागत होतो असे म्हटलेच नव्हते, हे सर्वोच्च न्यायालयाने नोंदवले. ज्याला हे वाक्य लिहून देणारा वकील मिळत नाही, त्या पक्षकाराचे काय, हा प्रश्न दोन्ही निकाल वाचूनही सुटत नाही.