ग्राउचो मार्क्स : विदूषक आणि सूत्रधार

ग्राउचो मार्क्स (१८९०–१९७७) या अमेरिकन विनोदी नटाच्या दूरचित्रवाणीवरील कार्याकडे प्रतिभेची उतरती कळा म्हणून पाहणे सोपे आहे. ते यथार्थ मात्र नव्हे. भावांच्या साथीने केलेल्या ‘डक सूप’ (१९३३) सारख्या चित्रपटांत त्याच्या विनोदाचे लक्ष्य प्रतिष्ठा हे होते. मार्गारेट ड्युमाँट हिने रंगविलेल्या धनाढ्य विधवेचा डौल त्याच्या उपहासास आधार पुरवी.

‘यू बेट युवर लाइफ’ हा प्रश्नोत्तरांचा खेळ १९४७ मध्ये नभोवाणीवर सुरू झाला व १९५० ते १९६१ पर्यंत दूरचित्रवाणीवर चालला. येथे रंगविलेली मिशी गेली, वाकून धावणे गेले. उरली ती सिगार आणि वाणी. प्रश्न व बक्षीस निमित्तमात्र ठरले. संभाषण हाच खेळ झाला.

या संभाषणाची उत्स्फूर्तता निर्भेळ नव्हती. लेखक विनोद आधी रचून ठेवीत आणि झालेले चित्रण काटछाट करून अर्ध्या तासात बसविले जाई. शिवाय, पूर्वी प्रतिष्ठितांवर चालणारा उपहास आता सामान्य पाहुण्यावर चालू लागला, हा नैतिक फरक नजरेआड करता येत नाही. तथापि या पाहुण्यास प्रत्युत्तराची मोकळीक होती. १९५३ मध्ये टेक्सासच्या पेद्रो गोन्सालेस-गोन्सालेस या स्पर्धकाने हजरजबाबीपणात ग्राउचोवर अशी सरशी केली, की त्यातून त्यास चित्रपटसृष्टीचे दार खुले झाले. ड्युमाँटच्या विधवेस असे उत्तर देण्याची मुभा कधीच नव्हती. तेव्हा येथे ग्राउचोच्या विनोदाचा ऱ्हास झाला असे न म्हणता, त्यास जिवंत प्रतिपक्ष लाभला असे म्हणणे अधिक सयुक्तिक होय.