कात्री थांबत नाही, आवाज थांबतो

क्लोद लान्झमान यांच्या ‘शोआ’ (1985) या साडेनऊ तासांच्या माहितीपटात अब्राहम बोंबा हे न्हावी गिऱ्हाइकाच्या डोक्यावर कात्री चालवत बोलतात. त्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत, विषारी वायूच्या कोठडीत मरायला आणलेल्या बायकांचे केस कापायचे काम नाझींनी त्यांच्यावर लादले होते. खोली केवढी होती, आरसे होते का, अशा प्रश्नांना ते सपाट आवाजात उत्तरे देतात. मग एका सहकारी न्हाव्याची बायको आणि बहीण त्याच खोलीत आल्याची गोष्ट निघते आणि बोंबांना पुढे बोलवत नाही. ते टॉवेलने तोंड पुसतात. कॅमेरा त्यांच्यावरून हटत नाही, लान्झमान आग्रह सोडत नाहीत. लेखी जबानीत इथे फार तर तीन टिंबे पडली असती. होलोकॉस्टमधून वाचलेल्यांच्या आठवणी जपण्यात माहितीपटाचे खरे काम आहे ते इथे: माणूस आठवत असताना त्याच्यावर काय गुदरते, ते दाखवण्याचे.

चित्रित साक्षींच्या साठ्याची आज वाण नाही. न्यू हेवनमध्ये 1979 साली सुरू झालेल्या चित्रणातून येल विद्यापीठाचा संग्रह उभा राहिला. चित्रपट-दिग्दर्शक स्पीलबर्ग यांनी 1994 मध्ये स्थापन केलेल्या संस्थेकडे पन्नास हजारांहून अधिक साक्षी आहेत. हे काम मोठेच आहे. पण या संस्थेच्या मुलाखतींची चाल बहुधा ठरलेली असते: युद्धापूर्वीचे घर, छळ, सुटका आणि शेवटी मुलानातवंडांसह कुटुंब. आता तर होलोकॉस्टमधून वाचलेल्या पिंचस गटर यांची प्रतिमा प्रेक्षकाच्या प्रश्नाला आधीच टिपून ठेवलेल्या उत्तरांतले जुळणारे उत्तर देते. सोय आहे खरी. पण त्या प्रतिमेला ऐनवेळी अडखळता येत नाही.

आक्षेप असा की बोंबांचा प्रसंगही रचलेलाच होता. ते निवृत्त झाले होते, दुकान भाड्याने घेतलेले होते, आणि मोडलेल्या माणसाला बोलते करणे ही क्रूरताच. रचना मान्य, हातांना जुनी हालचाल आठवावी, यासाठीच ती होती. क्रूरतेच्या आरोपाला मात्र पुरते उत्तर माझ्यापाशी नाही. दुसरा आक्षेप स्मृतीच्या चुकांचा. आउशविट्झच्या 1944 च्या उठावात चार धुराडी उडाल्याचे एका साक्षीदार स्त्रीने सांगितले. इतिहासकारांच्या मते उडाले एकच. मनोविश्लेषक डोरी लाउब यांनी तिची बाजू घेतली: ती आकडा सांगत नव्हती, तिथे बंड होऊ शकले हे अशक्यप्राय सत्य सांगत होती. आणि कागद-फिती तरी कुठे निर्मळ असतात? याएल हेर्सोन्स्की यांच्या ‘अ फिल्म अनफिनिश्ड’ (2010) मध्ये नाझींनी 1942 साली वॉर्सा घेट्टोत केलेले चित्रण तिथून वाचलेली वृद्ध माणसे बघतात. वर्षानुवर्षे पुरावा म्हणून वापरल्या गेलेल्या त्या चित्रणातली दृश्ये पुन्हापुन्हा करवून घेतलेली होती. तिथे फीत खोटे बोलते आणि स्मृती तिला दुरुस्त करते.

बचावलेले आता मोजकेच उरले आहेत. म्हणून नव्या मुलाखतींइतकेच जुन्या फितींकडे परतणे गरजेचे आहे. थेरेसीनश्टाट घेट्टोचे अखेरचे ज्यू प्रमुख बेन्यामिन मुर्मेलश्टाइन यांची लान्झमान यांनी 1975 साली रोममध्ये घेतलेली मुलाखत ‘शोआ’मध्ये बसली नाही. मुर्मेलश्टाइन 1989 मध्ये वारले. त्यांच्यावरचा माहितीपट पडद्यावर आला 2013 साली.