निवाड्याची भाषा आणि न्यायसंस्थेचा इतिहास

वि. त्रिं. गुणे यांचा मराठ्यांच्या न्यायव्यवस्थेवरील इंग्रजी ग्रंथ पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९५३ मध्ये प्रसिद्ध केला. १६०० ते १८१८ या काळातील महाराष्ट्रातील न्यायसंस्था हा त्याचा विषय होय. तत्पूर्वी पां. वा. काणे यांनी धर्मशास्त्राच्या इतिहासाच्या तिसऱ्या खंडात (१९४६) 'व्यवहारा'चे, म्हणजे न्यायदानाचे, विवेचन प्रामुख्याने स्मृती, टीका व निबंधग्रंथ यांच्या आधारे केले होते. शास्त्राने काय सांगितले, हे त्यावरून समजते. परंतु वतनाचा तंटा गावात प्रत्यक्ष कसा तुटला, हे समजण्यास निराळी साधने लागतात. महजर, निवाडपत्रे व सरकारी आज्ञापत्रे यांवर आपली मांडणी उभारून गुणे यांनी ती पुढे आणली, हे या ग्रंथाचे मुख्य श्रेय होय.

महजरात उभय पक्षांच्या तकरिरी, साक्षी, प्रसंगी दिव्याची हकीकत आणि हजर असलेल्यांच्या निशाण्या येतात. पाटलाचा नांगर व बलुतेदारांची आपापल्या धंद्याची चिन्हे पाहिली म्हणजे गोतसभेच्या निर्णयाचे बळ सत्तेच्या हुकमाइतकेच सर्वांच्या साक्षीत होते, हे ध्यानी येते.

येथेच भाषेचा प्रश्न उद्भवतो. 'कोर्ट' व 'जज्ज' हे शब्द मुलकी कारभारापासून वेगळे झालेले कायमचे न्यायखाते गृहीत धरतात. देशमुख व पाटील वसुलाची जबाबदारी वाहत, आणि निवाड्यासही बसत. इंग्रजी परिभाषेत ही सरमिसळ दोषासारखी भासते. वस्तुतः ती त्या संस्थेची घडणच होती.

मराठी वाचकही या धोक्यापासून मुक्त नाही. निवाड्यापूर्वी पक्षकार जो 'राजीनामा' देत, तो पंचांचा निर्णय मान्य करण्याची लेखी कबुली असे. पद सोडण्याशी त्याचा संबंध नव्हता. 'गुन्हेगारी' म्हणजे हरणाऱ्याकडून घेतलेला दंड, तर 'हरकी' म्हणजे जिंकणाऱ्याने सरकारात भरावयाची रक्कम. आजच्या अर्थाने हे कागद वाचल्यास संमतीच्या जागी माघार आणि दंडाच्या जागी अपराध दिसू लागतो.

गुणे यांनी निवाड्यांना इतिहासाच्या साधनांत मानाचे स्थान मिळवून दिले. त्यांतील प्रत्येक संज्ञेचा अर्थ तिच्या काळाच्या व स्थळाच्या आधारे निश्चित करणे, हे त्या कार्याचे पुढील पाऊल होय. ते टाकल्यावाचून न्यायसंस्थेचा इतिहास पुरा होणार नाही.