पडद्यावरील स्त्रीवेष आणि तृतीयपंथी नट
दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये (१९१३) तारामतीची भूमिका अण्णा साळुंके यांनी केली, ती स्त्रिया मिळेनात म्हणून. 'लंकादहन'मध्ये (१९१७) तर राम व सीता दोन्ही तेच झाले! तेथे स्त्रीवेष ही निव्वळ सोय होती. राजीव पाटील यांच्या 'जोगवा'मध्ये (२००९) मात्र वेष हीच व्यथा आहे. देवीला वाहिलेला तायप्पा लुगडे नेसतो ते सक्तीने. त्याची घुसमट उपेंद्र लिमये यांनी विलक्षण संयमाने प्रकट केली आहे. परंतु हिरावले गेलेले पौरुष हेच या चित्रपटाचे दुःख असल्यामुळे, ज्यांना स्त्रीत्व स्वभावतःच आपले वाटते त्यांच्यापर्यंत त्याची करुणा पोहोचत नाही. 'ताली' या हिंदी मालिकेत (२०२३) गौरी सावंत यांचे चरित्र आले. भूमिका मात्र सुश्मिता सेन यांना मिळाली. फाळके यांची अडचण येथे सांगता येणार नाही.