शिल्पकाराची अव्वल प्रत

हस्तलिखितांच्या परीक्षणांत अव्वल मसुदा, नक्कल व छापील प्रत हा भेद आम्ही कटाक्षानें पाळतों; शिल्पाविषयीं लिहितांना मात्र तो विसरतों. चौथऱ्यावरील ब्राँझचा पुतळा तेवढा खरा, असें गृहीत धरून त्याच्या पोशाखाविषयीं वाद घालतों. ही पद्धति आम्हांस सदोष वाटते.

वारजे आतां पुणें शहरांत मोडतें. तेथून मुठेच्या प्रवाहाबरोबर शिवाजीनगरास उतरावें, म्हणजे श्रीशिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूलच्या आवारांत शिवछत्रपतींचा अश्वारूढ पुतळा दृष्टीस पडतो. त्याचें अनावरण १९२८ सालीं झालें. तो घडविणारे विनायक पांडुरंग करमरकर यांचा जन्म १८९१ सालीं अलिबागेजवळील सासवणें येथें झाला. घरीं गणपति घडविण्याची परंपरा होती. गांवच्या राममंदिराच्या भिंतीवर त्यांनीं काढलेलें महाराजांचें चित्र कलेक्टर ऑटो रॉथफील्ड यांच्या पाहण्यांत आलें, व त्यायोगें त्यांस मुंबईच्या जे. जे. कलाशाळेची वाट मोकळी झाली.

हंगेरीचा शिल्पकार यानोश फाद्रुस (१८५८–१९०३) हाहि असाच कारागिरींतून वर आलेला; कुलपांच्या कामाची उमेदवारी व लांकडी कोरीवकाम हें त्याचें पहिलें शिक्षण. कोलोझ्वार येथील त्याचा राजा मात्याश याचा अश्वारूढ पुतळा १९०२ सालीं उघडला गेला. पायथ्याशीं चार सेनानी राजास वंदन करीत आहेत. १९२० च्या ट्रियानोनच्या तहानें तें शहर रुमानियाकडे गेलें, पुतळा जागेवरच राहिला. पंधराव्या शतकांतील मात्याश कसा दिसे, यास तो प्रमाण नव्हे. १९०२ चे हंगेरियन त्यास कसा पाहूं इच्छीत, यास मात्र उत्तम प्रमाण आहे. पुण्याच्या पुतळ्यासहि हाच न्याय लावला पाहिजे.

मग शिल्पकाराचा स्वतःचा हात कोठें वाचावा? लोखंडी सांगाड्यावर मातीची मूर्ति उभी राहते. तिच्यावरून प्लास्टरचा साचा घेतांना ती बहुधा मोडते. साच्यांतून प्लास्टरची प्रत निघते, आणि तिच्यावरून ओतशाळेंत धातूची. म्हणजे अव्वल मसुदा नष्ट, प्लास्टर ही त्याची निकटची नक्कल, व ब्राँझ ही छापील प्रत. प्रत्येक पायरीवर बोटांचे ठसे कांहींसे बोथट होतात, परक्या हातांची सफाई वाढते.

सासवण्यास करमरकरांच्या घरीं त्यांचीं प्लास्टर व सिमेंटचीं कामें जतन केलेलीं आहेत. तेथील म्हैस पाहतांना आमचा अभिप्राय असा होतो कीं, अश्वारूढ पुतळ्यांत प्रसंगाचा थाट अधिक बोलतो. म्हशींत शिल्पकाराची नजर. दरबारी खलित्यापेक्षां खाजगी पत्रांत लेखक जवळचा वाटावा, तसा हा अनुभव आहे.

संग्राहकांनीं जुन्या शिल्पशाळा मोडतांना निघणारे साचे, फुटकीं प्लास्टरें व रेखाटनांच्या वह्या दप्तराच्या रुमालांप्रमाणें क्रमांक देऊन नोंदवाव्या. गांवोगांवच्या वीरगळांवर कारागिराचें नांव बहुधा आढळत नाहीं, तेथें आमचा नाइलाज आहे. येथें नांव ठाऊक आहे, साधनेंहि आहेत. तीं हयगयीनें गमाविल्यास पुढील संशोधकांस आम्ही काय उत्तर द्यावें?